चाय म्हणजे चहा नव्हे

आमची आणि आक्कांची भिंत एकच. अलीकडून आमचा मोगरा, पलीकडून त्यांचा दोडक्याचा वेल. मधल्या चार विटा एका पावसाळ्यात ढासळल्या, त्या आम्ही दोघींनी आजवर बसवू दिल्या नाहीत. कोपर टेकायला इतकी सोयीची जागा अख्ख्या पाचोडात दुसरी नाही. 2025च्या मे महिन्यात याच खिंडारातून मी हनोई पाहिलं.

आक्का माळकरी. घरात अंडंसुद्धा येत नाही, एकादशी चुकत नाही, पैठणची षष्ठी तर नाहीच नाही. त्यांचा धाकटा पुण्यात कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे. त्यानं आईवडिलांना व्हिएतनाम दाखवायचं ठरवलं. काका म्हणाले, "मोसंबीला पाणी कोण देईल? तुझा साहेब?" आणि ते राहिले. आक्का गेल्या. एक बॅग लुगड्यांची, दुसरी दशम्या, शेंगदाण्याची चटणी, मेतकूट आणि चिवड्याची. आठ दिवस हे पुरेल का, यावर गल्लीत दोन तट पडले होते.

परत आल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी त्यांनी भिंतीवरून डबा पुढं केला. आत दशम्या. निम्म्या तशाच.

"कामून हो आक्का? खाल्लं नाही काय?"

"खायला सवड कुठं दिली वहिनी! त्या पोरीनं चार तास चालवू चालवू चारलं मला."

पोरगी म्हणजे गाइड. हनोईच्या जुन्या शहरात एक प्रकार असतो म्हणे: सकाळी सात-आठ जणांना गोळा करायचं, गल्लीबोळांतून पायी हिंडवायचं आणि दर दोनशे पावलांवर फुटपाथवर बसवून एकेक पदार्थ खाऊ घालायचा. माणशी वीस-पंचवीस डॉलर. आपले दोन हजारांच्या घरात.

"दोन हजार?" ओसरीवरून काकांचा आवाज आला. "रस्त्यावर खायचे?"

"खायचे नव्हते ते, विचारायचे होते," आक्का तिकडं न बघताच म्हणाल्या. "पातेल्यात काय शिजू लागलं ते मला काय कळतंय? ती पोरगी झाकण उघडायला लावायची, बाईला विचारायची, मग माझ्याकडं बघून मान हलवायची. मान हलली की खायचं. दोन हजार त्या मानेचे."

मला हा हिशेब पटला. मळकट पाटीवर अनोळखी अक्षरं, बाईला आपली भाषा येत नाही आणि गळ्यात तुळशीची माळ. अशा वेळी नुसतं चवीचं पुस्तक काय कामाचं?

या पोरीनं आक्कांना पहिला प्रश्न विचारला तो वयाचा. आक्का चमकल्या. सोयरीक घेऊन आल्यासारखं वय कामून विचारायचं? मग लेकानं समजावलं. त्यांच्या भाषेत 'तू-तुम्ही' असं नसतं, समोरच्याच्या वयावरून नातं लावूनच बोलावं लागतं. धाकट्याला एक शब्द, थोरल्या बहिणीला एक, आईबापाहून मोठ्याला आणखी एक. आक्का एकसष्टच्या निघाल्या म्हणून त्या 'बाक' झाल्या, म्हणजे थोरली काकू. "चार तास बाक, बाक करत होती. आपल्या सुना करतील का?" हे वाक्य जरा मोठ्यानं झालं. आत भांडं आपटल्याचा आवाज आला आणि आम्ही विषय रस्त्यावर नेला.

रस्ता ओलांडायचा तर तिथं दुचाक्यांचा लोंढा थांबतच नाही. गाइडचा नियम एकच: हळू चालायचं, थांबायचं नाही, पळायचं नाही, मागं तर मुळीच सरायचं नाही, गाड्या आपल्या बाजूनं जातात. आक्कांना यात फार नवल वाटलं नाही. सोलापूर-धुळे हायवे चौपदरी होण्याआधी पाचोडात आपण असाच ओलांडायचो, फक्त मध्ये बैल असायचे.

खरी गंमत पुढं आहे. लेकानं विमानातच आईकडून एक वाक्य पाठ करून घेतलं होतं: 'अन चाय'. म्हणजे 'मी शाकाहारी खाते'. आक्कांना वाटलं हे चहाचं काहीतरी आहे. पहिल्याच दुकानात चहाची तलफ आली म्हणून त्या बोट वर करून "चाय, चाय" म्हणाल्या, तर म्हातारीनं हात जोडले आणि टोफूची बशी आणून ठेवली. मग चहाला काय म्हणायचं? तर हनोईकडं चहाला म्हणतात 'चा'. अगदी आपल्यासारखं. "बघा वहिनी, चा म्हणजे चाच, आणि चाय म्हणजे शाकाहारी. उगाच आपण हिंदीच्या नादी लागलो."

पण म्हातारीनं हात का जोडले? तो दिवस वैशाखी पौर्णिमेचा होता. तिकडच्या चंद्राच्या पंचांगात महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी पुष्कळ बौद्ध लोक चाय खातात, मांस-मासळी बंद. जे कडक पाळतात ते कांदा-लसूणही खात नाहीत. शिवाय त्याच महिन्यात सारनाथचे बुद्धाचे अवशेष भारतातून व्हिएतनामला दर्शनासाठी नेले होते, त्यामुळं 'इंडिया' म्हटलं की माणसं जरा जास्तच आदरानं बघत. आक्कांनी मात्र हिशेब सरळ लावला: "त्यांच्याही महिन्याला दोन एकादश्या आहेत. फक्त वरई-भगर नाही."

जुन्या हनोईत गल्ल्यांची नावं धंद्यावरून आहेत. चांदीची गल्ली, साखरेची गल्ली, पत्र्याची गल्ली. बाकीचे पाहुणे टिपून घेत होते. आक्का म्हणाल्या, यात काय लिहायचं? संभाजीनगरात सराफा आहे, कुंभारवाडा आहे, रंगारगल्ली आहे, कासारी बाजार आहे. मला हे ऐकून बरं वाटलं. आम्ही दोघी लग्नाच्या बस्त्याला गेलो होतो तेव्हा त्याच गल्ल्यांत तीन तास चुकलो होतो आणि तेव्हा कुणी गाइड नव्हता.

आता आक्कांचा आवाज बदलला. भिंतीवर दोन्ही कोपरं आली.

"वहिनी, एका बोळात एक बाई बसलेली. वीतभर उंचीचं प्लास्टिकचं स्टूल. समोर पातेलं, पातेल्यात आधणाचं पाणी, आणि पातेल्याच्या तोंडाला फडकं ताणून बांधलेलं."

मी मोगऱ्याच्या कळ्या तोडायच्या थांबले.

"हौ. तेच. पळीभर तांदळाचं पातळ पीठ फडक्यावर घातलं, पळीच्या बुडानं गोल पसरवलं, वर झाकण. मी मनात दहा मोजले. झाकण काढलं, बांबूची चपटी कांब खालून सरकवली आणि पापडी अशी उचलली की तिच्यातून पलीकडची गाडी दिसावी. सालपापडी! आपली सालपापडी, वहिनी! फक्त जिरं नाही आणि वाळत घालायची नाही. ओलीच गुंडाळायची आणि खायची."

त्याला तिकडं बान कुऑन म्हणतात. एरवी आत डुकराच्या मांसाचं सारण आणि काळी अळंबी असते, आणि बुडवायला माशाच्या रसाची चटणी. हा नुकमाम नावाचा रस तिथं मिठासारखा सगळीकडं असतो आणि माळकऱ्याचा घात करतो. गाइडनं तो बाजूला सारायला लावला, सोया सॉस मागवला, आतलं सारण रद्द. आक्कांनी नुसत्या पापड्या खाल्ल्या. सहा. मग स्टुलावरून उठून त्या बाईच्या मागं जाऊन उभ्या राहिल्या. फडकं कुठलं, किती ताणलं, गाठ कशी मारली, कांब किती रुंद. बाईनं हसून कांब हातात दिली. आक्कांची पहिली फाटली, दुसरी साधली. लेकाकडं फोटो आहे. मी पाहिला: डोक्यावर पदर, हातात बांबू, आणि मागं बारा मोटारसायकली.

ती बाई दुसरं काही करत नाही. तिच्या आईनंही हेच केलं म्हणे, याच बोळात. मला ही गोष्ट सगळ्यात मोठी वाटली. आपल्याकडं गाडा लागला की पहिल्या महिन्यात पावभाजी, दुसऱ्यात डोसा, तिसऱ्यात मंचुरियन, आणि चवथ्यात सगळ्याला एकच चव.

एकदा मात्र आक्का अडून बसल्या. शुद्ध चाय हॉटेल, कांदासुद्धा नाही, आणि ताटात आली कोंबडीची तंगडी! सोयाबीनची होती, हाडाच्या जागी गवती चहाची काडी खोचलेली. गाइडनं शपथ घेतली, लेकानं मोडून दाखवली. आक्का हलल्या नाहीत. "सोडायचं तर मनातून सोडावं ना. ही कसली एकादशी, कोंबडीचं सोंग आणून?" इथं मी त्यांच्या बाजूची आहे.

बाकीचं भराभर झालं. उसाचा रस प्यायला, पन्नासेक रुपये ग्लास. उसाबरोबर लिंबाएवढं केशरी फळ चरकात घालतात. आक्कांनी ते फळ हुंगलं आणि 'मोसंबीचं पिल्लू' असं नाव ठेवलं. पाचोडच्या बाईचा या बाबतीतला शब्द शेवटचा मानावा. चरकाला घुंगरं नाहीत याचं मात्र त्यांना वाईट वाटलं. अंड्याची कॉफी लेकानं प्यायली. 1946 साली दुधाची टंचाई होती, तेव्हा एका हॉटेलातल्या कारागिरानं पिवळा बलक घोटून दुधाची उणीव भरली, तेव्हापासूनची ती. 2016 साली ओबामा ज्या टेबलावर जेवले ते एका खानावळीनं काचेत बंद करून ठेवलंय, तेही दाखवलं. आक्कांना ओबामांपेक्षा त्या काचेवर धूळ नाही याचं कौतुक.

मला एक गोष्ट डाचते. आपल्या संभाजीनगरात अजिंठा-वेरूळ बघायला जगभरातून माणसं येतात. 1327मध्ये महंमद तुघलकानं राजधानी दौलताबादला आणली, त्याच्या फौजेबरोबर नान-कलिया आला असं सांगतात. शहागंजाकडं नानच्या भट्ट्या आहेत, तिथं नान भाजणारा नानच भाजतो. गुलमंडीवर इमरती आहे. यातलं काय खावं, काय टाळावं, कशात काय आहे, हे त्या पाहुण्याला हात धरून सांगणारी एखादी पोरगी किती जणांना भेटते? हॉटेलातलं पनीर खाऊन बस सुटते. आणि पाहुण्यांचं सोडा, पन्नास किलोमीटरवर राहून मीच तिथल्या बोळांत आक्कांशिवाय शिरत नाही.

"एवढं कळतं तर तुम्हीच काढा की," काका म्हणाले. "माणशी दोन हजार."

आक्कांनी उत्तर दिलं नाही. त्यांनी आतून पातेलं आणलं होतं, त्याच्या तोंडाला जुन्या धोतराचं फडकं ताणून बघत होत्या. तांदूळ तीन दिवसांसाठी भिजत घातलेच होते. त्या वर्षीच्या पापड्या निम्म्या वाळवणात गेल्या, निम्म्या आम्ही दोघींनी भिंतीशी उभ्यानं, तेल-तिखट लावून ओल्याच संपवल्या. काकांनी चार मागून घेतल्या.

व्हिएतनामला निघालाच असाल तर दशम्या कमी न्या. 'अन चाय' पाठ करा, नुकमाम आहे का ते प्रत्येक वेळी विचारा, आणि चहा हवा असेल तर नुसतं 'चा' म्हणा.