नको, मी जोखीम पत्करतो

परवा मावशीचं नागपूरचं विमानाचं तिकीट काढायला बसलो. संकेतस्थळानं आल्या आल्या दम भरला, ‘या भाड्यात फक्त २ जागा शिल्लक!’ शेजारी तांबडं घड्याळ उलटं पळत होतं. दहा मिनिटांनी ते शून्यावर आलं, क्षणभर थांबलं आणि पुन्हा दहापासून पळू लागलं. जागा तेव्हाही २च.

मग विमा. ‘होय, मला सुरक्षित प्रवास हवा’ हे हिरवंगार, टपोरं बटण. त्याखाली, औषधाच्या बाटलीवर असतात तसल्या अक्षरांत, ‘नको, मी जोखीम पत्करतो’. मावशी खांद्यावरून डोकावत होती. कुठल्या भाच्याची छाती होईल दुसरं बटण दाबायची? १९९ रुपयांत भाचेपण राखलं.

यात नवं काय, असं तुम्ही म्हणाल. मंडईतली भाजीवालीही ‘शेवटची जुडी ऱ्हायली बघा’ म्हणते आणि मागे ओल्या गोणपाटाखाली वीस जुड्या पडलेल्या असतात. खरंय. पण तिला उद्या त्याच जागी आपल्याला तोंड दाखवायचं असतं. शिवाय मेथी न घेता निघालो, तर ‘नको, मला पोरांच्या तब्येतीची पर्वा नाही’ असं ती आपल्याकडून वदवून घेत नाही.

रॉबर्ट चाल्डिनी या अमेरिकी मानसशास्त्रज्ञानं १९८४ साली ‘इन्फ्लुअन्स’ या पुस्तकात माणूस कशानं वळतो ते सांगितलं: टंचाईची भीती, चारचौघांचं अनुकरण, जाणत्याचा शब्द वगैरे. हेतू हा, की गिऱ्हाईक सावध व्हावं. विक्रीवाल्यांनी ते ‘२१ अपेक्षित’सारखं पाठ केलं.

आपल्या सरकारनंही अभ्यास केलाय. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं ३० नोव्हेंबर २०२३ रोजी अशा १३ क्लृप्त्यांवर नावानिशी बंदी घातली. खोटी घाई, टोपलीत न मागितलेली वस्तू सरकवणं, नाही म्हणणाऱ्याला लाजवणं. लाजवण्याचं उदाहरण म्हणून त्यात चक्क विमानाचं तिकीट आणि विमाच दिलाय! म्हणजे माझी फसवणूक राजपत्रात आधीच छापून आली होती, मीच वाचली नव्हती.

तावातावानं तक्रार करायला परत त्याच संकेतस्थळावर गेलो. तक्रारीची जागा सापडेना. पाटी मात्र झळकली, ‘आत्ता तुमच्यासारखे ३४ जण हे तिकीट पाहत आहेत.’

मावशी सुखरूप पोचली. निम्मं विमान रिकामं होतं म्हणाली.

राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५. सावकाश लावा, तो संपत नाही.