रिव्हर्सिबल

फ्रेंच अभियंता सादी कार्नोने १८२४ मध्ये कल्पिलेले रिव्हर्सिबल इंजिन आजवर कुणालाही बांधता आलेले नाही. घर्षण आडवे येते. रसायनशास्त्राला ते थोडेफार जमते: नायट्रोजन-हायड्रोजनचा अमोनिया होतो आणि अमोनियाचे पुन्हा तेच दोन वायू. कापडबाजाराला तर सहज जमते: रिव्हर्सिबल जाकीट उलटे केले की रंग बदलतो, आतला माणूस तोच. या सर्व विद्यांचा संगम राजकारणात झाला आहे. पक्षांतरबंदी कायदा १९८५ पासून थोडे घर्षण पुरवतो खरा. पण दोन-तृतीयांश आमदारांना एकदमच ‘विलीन’ व्हावेसे वाटले, की वंगण मिळालेच म्हणून समजा. फिरवून घेता येत नाही ते फक्त मतदाराचे मत. त्याला पाच वर्षांची वॉरंटी असते.