शर्यतबाई, एकदा कासावरून जा!

प्रति,
मा. बहुटप्पी आंतरराष्ट्रीय सायकल शर्यत,
मुक्काम पोस्ट पुणे (सध्या).

विषय : आपल्या पुढील मार्गात मौजे कासा, ता. डहाणू, जि. पालघर समाविष्ट करणेबाबत.

संदर्भ : पुणे जिल्ह्यातील नवे डांबर.

महोदया,

वरील विषयास अनुसरून विनंतीपूर्वक कळविण्यात येते की, १९ ते २३ जानेवारी २०२६ या पाच दिवसांत आपण ‘पुणे ग्रँड टूर’ या नावाने पुणे जिल्ह्यात ४३७ किलोमीटर धावलात, हे आम्ही कासाकरांनी मोबाईलवर डोळे भरून पाहिले. जागतिक सायकल संघटनेच्या दिनदर्शिकेत बसणारी अशी टप्प्याटप्प्यांची शर्यत भारतात पहिल्यांदाच झाली. न्यूझीलंडचा ल्यूक मडग्वे जिंकला. त्याचे अभिनंदन आमच्यातर्फे कळवावे.

इथून पुढे सरकारी भाषा सोडतो, कारण मनातलं बोलायचं आहे.

बाई, खरं सांगायचं तर मडग्वेकडे आमचं लक्षच नव्हतं. आम्ही त्याच्या चाकाखाली बघत होतो. मुळशी, मावळ, पुरंदर, बारामती अशी नावं येत होती, स्वार भुर्रकन जात होते, आणि खाली काळंभोर, एकसलग, पट्टे मारलेलं डांबर सरकत होतं. आमच्यातल्या एकाने तर व्हिडिओ थांबवून दोन बोटांनी मोठा करून पाहिला. खड्डा सापडेना. पुणेकर वर्षानुवर्षं निवेदनं देत होते, पेपरांत पत्रं लिहीत होते, खड्ड्यांत रोपं लावून फोटो काढत होते. त्यातून जे झालं नाही ते तुमच्या येण्याच्या नुसत्या बातमीने झालं. तेव्हाच ठरवलं की आता आमदार-खासदारांना त्रास द्यायचा नाही. अर्ज थेट तुम्हाला.

आमची ओळख करून देतो. मुंबईहून अहमदाबादकडे निघालात की मनोरनंतर चारोटी नाका लागतो. तिथून जव्हारच्या दिशेला वळलं की लगेच कासा. डहाणू तालुक्याच्या पूर्व भागातल्या पाड्यांचा बाजार, दवाखाना, शाळा-कॉलेज, पोलीस ठाणं, सगळं कासालाच. शेजारी सूर्या नदी, वर धामणीचं धरण. वारली, कोकणा, मल्हार कोळी, कातकरी अशी वस्ती. जवळच विवळवेढ्याची महालक्ष्मी. चैत्री पौर्णिमेला तिची यात्रा भरते आणि पंधरवडाभर चालते.

आमच्या भागाचं एक वैशिष्ट्य तुमच्या नियोजनात उपयोगी पडेल. इथून सगळे जातात. राष्ट्रीय महामार्ग जातो. मालगाड्यांचा स्वतंत्र लोहमार्ग जातो. मुंबई-वडोदरा द्रुतगती मार्ग जातो. बुलेट ट्रेन जाणार आहे, ती बोईसरला थांबेल आणि मग थेट वापीला. मधल्या डहाणू-तलासरीला फक्त तिचे खांब. जमिनी आमच्या, वेग त्यांचा. तेव्हा ‘थांबा’ असा हट्ट आम्ही तुमच्याकडे धरणार नाही. तुम्हीसुद्धा जाच. फरक एवढाच की या सगळ्यांनी जाण्यासाठी आपापला वेगळा रस्ता आणला. आमच्या गावातल्या रस्त्याची गरज असलेलं वेगवान काहीतरी आमच्या आयुष्यात तुम्हीच पहिलं.

आता मार्ग. आम्ही बसून आखला आहे.

पहिला टप्पा डहाणू ते बोर्डी. नरपड, चिखले, घोलवड, किनाऱ्याकिनाऱ्याने, सगळा सपाट. समुद्राचं वारं आडवं लागलं की घोळक्याचे तिरके तिरके तुकडे पडतात आणि खरी शर्यत तिथेच होते, असं जाणकार म्हणतात. वारं आमच्याकडे फुकट आहे. या टप्प्यात खाण्याच्या पिशव्या तुमच्या तुम्ही आणू नका. घोलवडचा चिकू आहे, २०१६ पासून भौगोलिक मानांकनवाला. ताडी मात्र देणार नाही. तुमच्या पूर्वजांनी जुन्या काळी फ्रान्समध्ये शर्यतीत वाईन ढोसली असली, तरी आता उत्तेजकांची तपासणी असते आणि आम्हाला लफडं नको.

दुसरा टप्पा डहाणूहून गंजाड, चारोटी, कासा करत जव्हार. गंजाड म्हणजे जिव्या सोमा मशे यांचं गाव. वारली चित्रं जगभर नेणारे, पद्मश्री मिळालेले. त्यांच्या चित्रांतला तारपा नाच तुमच्या पाहुण्यांना मुद्दाम दाखवू. तारपा वाजवणारा मधे, हातात हात गुंफलेली रांग त्याच्याभोवती फिरते आणि तारप्याला पाठ कुणी दाखवत नाही. तुमचा घोळका बघताना आम्हाला तेच आठवलं. पुढचा वारा खातो, मागचे त्याच्या आडोशाने येतात, मग तो बाजूला होतो आणि दुसरा पुढे सरकतो. फक्त तुमच्याकडे शेवटी एकटाच जिंकतो, ते काही पटलं नाही.

चारोटीला महामार्ग ओलांडावा लागेल. शर्यतीसाठी पोलिसांनी रस्ता बंद करायचा असतो म्हणे. तो खर्च वाचेल. आमचा महामार्ग मनात येईल तेव्हा आपला आपण बंद होतो. दहिसरपासून तलासरीपर्यंत काँक्रीटचा थर चढवायचं काम काढलं होतं, त्या दिवसांत ट्रकवाले इंजिन बंद करून खाली उतरायचे आणि चहा पिऊन यायचे. शेजारून चालत जाणारी म्हातारी गुजरातकडे जाणाऱ्या कंटेनरला मागे टाकायची. आघाडीवरच्या स्वाराच्या पिवळ्या जर्सीवर पहिला हक्क खरं तर तिचा आहे.

कासाच्या पुढे चढ सुरू. जव्हार सुमारे साडेचारशे मीटर उंचीवर आहे. आल्प्सवाले हसतील, हसू देत. त्यांच्या घाटात समोरून वळणावर, बाजू न देता, वर माणसं बसवलेली जीप येते का? चढाची श्रेणी ठरवताना हा मुद्दा धरावा.

तिसरा टप्पा तलासरी, उधवा, सायवन, कासा. हा आमचा हुकमी टप्पा आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तुमच्या घराण्यात पॅरिस-रूबे नावाची एक आजीबाई आहे. १८९६ पासूनची शर्यत. तिची सगळी कीर्ती वाईट रस्त्यांवर उभी आहे. ओबडधोबड दगडांचे जुने रस्ते, त्यावर चाकं फुटतात, हाडं खिळखिळी होतात, पावसात चिखलाने माणूस ओळखू येत नाही, आणि जिंकणाऱ्याला बक्षीस म्हणून एक दगडच देतात. ते दगडी रस्ते कुणी गुळगुळीत करून टाकू नयेत म्हणून तिथे शर्यतप्रेमींची स्वतंत्र संस्था आहे. ती जाऊन दगड नीट बसवते. आरेनबर्गच्या जंगलातल्या दगडांवरचं गवत खायला तर एकदा शेळ्या सोडल्या होत्या.

बाई, हे वाचून आमच्या लोकांचा ऊर भरून आला. म्हणजे आम्ही इतकी वर्षं जे सांभाळत आलो तो वारसा होता! आमच्याकडे संस्था नाही, अनुदान नाही, तरी दर पावसाळ्यानंतर रस्ता मूळ स्थितीत येतो. शेळ्या आमच्याकडेही आहेत, त्यांना तर बोलवावंही लागत नाही. विजेत्याला द्यायला दगड हवा असेल तर रस्त्यातूनच उचलता येईल, सुटलेलाच असतो.

पण हा पर्याय आम्ही शेवटी ठेवला आहे. कारण तुम्ही ‘छान, असाच राहू द्या’ म्हणालात तर आमची पंचाईत होईल. आम्हाला पुण्यासारखं हवंय.

तुमच्या इतिहासात रस्त्यांबद्दलची एक गोष्ट आमच्या फार जिव्हाळ्याची निघाली. १९१० साली टूर द फ्रान्स पहिल्यांदा पिरेनीज पर्वताच्या उंच खिंडींतून न्यायचं घाटत होतं. शर्यतीचे आयोजक आँरी देग्रांज यांना धीर होईना. म्हणून आल्फाँस स्टाइनेस नावाचा त्यांचा माणूस टूर्माले खिंडीची पाहणी करायला गेला. बर्फात मोटार अडली. पठ्ठ्या अंधारात पायी निघाला, रस्ता चुकला, घसरला, अर्धमेला झाला. शोधायला गेलेल्या लोकांना मध्यरात्र उलटल्यावर सापडला. सकाळी त्याने देग्रांजना तार केली : टूर्माले पार केला, रस्ता फार चांगला, पूर्णपणे वापरण्याजोगा.

आम्ही हे वाचलं आणि कासा नाक्यावर एकदम शांतता पसरली. मग एक जण म्हणाला, “हा माणूस आपल्याकडे बदली होऊन आला होता का रे?” कारण रस्त्याबद्दल अशी भाषा आम्हाला परकी नाही. काम पूर्ण, दर्जा समाधानकारक, रस्ता वाहतुकीस योग्य. फरक असलाच तर स्टाइनेस स्वतः चालत गेला होता.

त्या जुलैत शर्यत खरोखर तिथून गेली. ओक्ताव्ह लापीझ नावाचा स्वार त्याच टप्प्यातल्या पुढच्या खिंडीत धापा टाकत, सायकल ढकलत वर आला आणि आयोजकांना बघून ओरडला, “खुनी आहात तुम्ही!” पुढे तीच शर्यत तो जिंकला. आमच्याकडे बाळंतपणाची बाई झोळीत घालून पक्क्या रस्त्यापर्यंत आणणारे नातेवाईक असंच काही तोंडातल्या तोंडात म्हणतात. ते कुठे छापून येत नाही, आणि पुढे काही जिंकतही नाहीत.

असो, विषय भरकटला. तारखेचं बोलू.

जानेवारी तुम्हाला सोयीचा, कारण हवा थंड आणि पाऊस नाही. पण आमची अडचण अशी की जानेवारीत टाळ्या वाजवायला माणसं कमी पडतील. दिवाळी झाली, भात झोडून झालं की पाड्यांवरची कुटुंबंच्या कुटुंबं वसई-भिवंडीकडच्या वीटभट्ट्यांवर, बांधकामांवर जातात. होळीला परततात. रस्त्याच्या दुतर्फा झेंडे घेऊन कोण उभं राहणार? होळीनंतर यावं तर ऊन, आणि लगेच महालक्ष्मीची यात्रा. यात्रेत शर्यत घुसवू नका. त्या गर्दीतून तुमचा सर्वोत्तम स्वारसुद्धा बांगड्यांच्या दुकानापुढे जाऊ शकणार नाही.

पोरी मात्र नक्की येतील. मागास तालुक्यांत मानव विकास कार्यक्रमातून आठवी ते बारावीच्या मुलींना शाळेत जायला सायकल घेण्यासाठी पाच हजार रुपये मिळतात. तुमच्या नियमात सायकल ६.८ किलोपेक्षा हलकी चालत नाही असं ऐकलं. आमच्या पोरींनी हा नियम कधीच मोडलेला नाही. त्यांच्या सायकली दोन-अडीच पटींनी जड, वर दप्तर, वर कॅरियरवर मैत्रीण. चढावर मैत्रीण उतरते, ढकलते, उतारावर पुन्हा बसते. रस्ता कुठे वाचवायचा, कुठे डाव्या कडेची मऊ माती धरायची, कुठला खड्डा पाण्याखाली किती खोल, हे त्यांना पाठ आहे. तुमच्या संघांना वाटाडे लागले तर यांना घ्या. परीक्षा बघून.

एक अट मात्र आमची आहे. १९१३ साली एझेन क्रिस्तोफ नावाच्या स्वाराच्या सायकलचा पुढचा काटा टूर्मालेच्या उतारावर मोडला. बिचारा सायकल खांद्यावर घेऊन खाली गावात चालत आला, लोहाराच्या भट्टीवर स्वतःच्या हाताने काटा जोडला. तरी तुमच्या पंचांनी त्याला दंड केला, का, तर एका पोराने भाता हलवून मदत केली. हे इथे चालणार नाही. कासात कुणाची चेन उतरली की चार जण धावतात, पाचवा पाणी आणतो, सहावा सल्ला देतो. सगळ्यांना दंड करत बसलात तर शर्यत पावसाळ्यात संपेल.

आता शेवटचं, आणि खरं कारण पत्र लिहिण्याचं.

तुम्हाला यायला जमणार नाही, हे आम्हालाही दिसतं. इथे मोठी हॉटेलं नाहीत, विमानतळ नाही, हेलिकॉप्टरमधून छान दिसेल असा वाडा-किल्ला कासात नाही. काही हरकत नाही. तुम्ही प्रत्यक्ष येऊच नका. फक्त जाहीर करा. ‘पुढील हंगामात कासा’ एवढं छापा, नकाशावर एक लाल रेघ ओढा, आणि दोन गोरी माणसं हातात टेप देऊन इथे फिरवा. रोलर निघतील. बाकी तुमच्या हातात नाही, पण एवढं तुमच्या नावाने होतं हे पुण्याने सिद्ध केलं आहे. डांबर सुकलं की शर्यत पुढे ढकला. मग पुन्हा जाहीर करा, या वेळी उधवा-सायवनवरून. अशा आठ-दहा न झालेल्या शर्यतींत आमचा तालुका पूर्ण होईल, आणि मग तुम्ही मोकळ्या. तलासरीवाले तर म्हणतात, आमच्या नावाची वेगळी शर्यत रद्द करा.

तरी मेहेरबानी करून अर्जाचा विचार व्हावा.

आपले नम्र,
कासा नाक्यावरचे, पंक्चरच्या दुकानासमोर रोज उभे असणारे नागरिक

ता. क. : मार्गाच्या पाहणीला माणूस पाठवणार असाल तर ऑगस्टमध्ये पाठवा. आणि त्याने तुम्हाला केलेल्या तारेची एक प्रत आम्हालाही द्या.