खेकड्याच्या घरचा गोंगाट

लफडं जुनं झालं म्हणून काही शिळं होत नाही. ३० जून १९९७ ला विलायतेत एक अल्बम बाजारात आला, ‘द फॅट ऑफ द लँड’. नाव कसं खात्यापित्या घरचं, आणि मुखपृष्ठावर कोण, तर खेकडा! बघता बघता हा खेकडा इंग्लंडच्या यादीत पहिला आणि अमेरिकेच्या यादीतही पहिला. अमेरिकेत तो विकायला काढला मॅडोनाबाईंच्या मॅव्हरिक कंपनीनं. म्हणजे घरच खानदानी सोज्वळ!

करणारे म्हणजे इंग्लंडमधल्या एसेक्सचा बँड ‘द प्रॉडिजी’. या मंडळींचं वळण आधीपासूनच बरं नव्हतं. रानात, पडक्या गोदामांत रात्र रात्र चालणाऱ्या रेव्ह पार्ट्यांतून ती वर आलेली. त्या पार्ट्या आवरायला ब्रिटिश सरकारनं १९९४ मध्ये कायदा केला आणि त्यात चक्क ‘एकापाठोपाठ एक पुन्हा पुन्हा येणाऱ्या ठोक्यांचा’ उल्लेख केला. कायद्याच्या पुस्तकात ताल! त्या हिशेबानं मोकळ्या मैदानात रात्री लाउडस्पीकर लावून लग्गी वाजवणाऱ्यानंही जामीनदार शोधून ठेवलेला बरा.

मग १९९६ चा मार्च उजाडला आणि या अल्बममधलं ‘फायरस्टार्टर’ हे गाणं आधीच आलं. कीथ फ्लिंट हा गडी तोवर बँडमध्ये फक्त नाचायचा. बँडचा संगीतकार लियाम हाउलेटनं नुसत्या वाद्यांचा तुकडा तयार केला होता. तो ऐकून कीथ म्हणे, यावर मी गातो. गातो कसला, अंगावर येतो! दोन्ही बाजूंना केसांची शिंगं, मधोमध सफाचट, डोळ्यांभोवती काजळ, आणि हा अवतार लंडनच्या बंद पडलेल्या ऑल्डविच स्टेशनच्या बोगद्यात कृष्णधवल चित्रफितीत थयथयाट करतोय. टीव्हीवरच्या ‘टॉप ऑफ द पॉप्स’ कार्यक्रमात ती दाखवली आणि आईबापांच्या तक्रारींचा पाऊस पडला. पोरं घाबरली म्हणे. पोरांनी घाबरत घाबरत गाणं पहिल्या नंबरावर नेलं आणि तिथं ३ आठवडे ठेवलं.

पण सगळे केसांकडे बघत बसले आणि खरा गुन्हा कानांखालून निसटला. मुळात या गाण्याला बाप किती? गीत-संगीताच्या श्रेयात हाउलेट आणि फ्लिंट तर आहेतच, शिवाय ‘द ब्रीडर्स’ बँडच्या किम डील आहेत, कारण किंचाळणारी गिटार त्यांच्या गाण्यातून उचललेली. वर ‘आर्ट ऑफ नॉइज’ या गटाची ५ नावं आहेत, कारण मधूनच येणारी ती ‘हे!’ अशी आरोळी त्यांची. एका आरोळीचे ५ वारस!

अल्बममधल्या ‘ब्रीद’ या गाण्याची कुळकथाही अशीच. तलवार सपकन फिरल्याचा आवाज वू-टँग क्लॅन या रॅप गटाच्या रेकॉर्डवरून आणलेला, ड्रम आयर्लंडच्या थिन लिझी या रॉक बँडकडचे. या घरात उसनं आणायला लाजत नाहीत आणि आणलेलं ओळखू येईल असं परतही करत नाहीत.

हे सगळं शिजलं कुठं? कोट्यवधींच्या स्टुडिओत नव्हे, हाउलेटच्या एसेक्समधल्या घरी. त्याचं लाडकं यंत्र रोलँड डब्ल्यू-३०. उचललेले आवाज साठवणारा सँपलर, ते क्रमानं वाजवणारा सिक्वेन्सर आणि कीबोर्ड सगळं एकातच, आणि आवाज साठवणार १२ बिटांत. तेव्हा घरोघरच्या सीडी १६ बिटांच्या होत्या. बिट कमी म्हणजे आवाजाच्या पायऱ्या मोठ्या आणि कडा खरबरीत. यंत्राची आठवणही तोकडी, त्यामुळे लांबलचक तुकडा मावायचा नाही. ड्रमचा एखादा टोला, गिटारचा एखादा ओरखडा कापून घ्यायचा आणि पट्टीवर चढवून उतरवून वाजवायचा. नव्या, महागड्या यंत्रांचा गुळगुळीतपणा बाजारात मिळत असताना हा माणूस खरखरीला चिकटून बसला. जाणूनबुजून! याला काय म्हणावं?

पुढचं तर ऐकवत नाही. ध्वनिमुद्रणात पहिला धडा असतो की आवाज मोजणाऱ्या मीटरचा काटा लाल पट्ट्यात जाऊ द्यायचा नाही, नाहीतर लाटेचे माथे कापले जातात आणि आवाज फाटतो. इथं ड्रम फाटलेले, बास फाटलेला, गळा तर फाटलेलाच. पण नीट कान दिला तर लक्षात येतं की हे फाडणं शिंप्याच्या कात्रीचं आहे. ‘ब्रीद’ लावून बघा. बास गुरगुरतो तेव्हा गिटार बाजूला सरकते, तलवार फिरते ती ड्रमच्या दोन टोल्यांमधली फट बघून. सुरावटी फारशा बदलत नाहीत, उगाच घुमारा दिलेला नाही. एकेक आवाज कोरडा, तोंडाजवळ आणून ठेवलेला. मधूनच सगळं थांबवतात, कान रिकामे करतात आणि पुन्हा घाव घालतात. इतका दंगा आणि इतका हिशेबी! बिघडलेल्या पोरांनी निदान गबाळं तरी असावं की नाही?

आणि हा धक्का सोसणार असाल तरच पुढं वाचा. याच अल्बममध्ये ‘नारायण’ नावाचं ९ मिनिटांचं गाणं आहे. गातो ‘कुला शेकर’ बँडचा क्रिस्पियन मिल्स आणि मध्यावर चक्क नारायणाचा जप सुरू होतो, खाली तेच खरबरीत ठोके. नारदमुनींनी वीणा ठेवून कानांत बोटं घातली असतील की मान डोलावली असेल, हे ज्यानं त्यानं ठरवावं.

पहिल्याच गाण्याचं नाव मात्र इथं लिहीत नाही. घरात मोठ्यानं वाचण्याजोगं ते नाही. बाईला मारण्याची भाषा आहे असं म्हणत अमेरिकेतल्या महिला संघटना उठल्या आणि वॉलमार्ट, केमार्ट या दुकानांनी अल्बम फळीवरून उतरवला. कधी? डिसेंबरात, पाच-सहा महिने विकून झाल्यावर! एमटीव्हीनं त्या गाण्याची चित्रफीत मध्यरात्रीनंतरच दाखवली आणि पुढच्या वर्षी तिलाच २ पुरस्कार दिले. आधी दार लावायचं, मग हार घालायचा. गंमत म्हणजे त्याच गाण्यात शाहीन बदर यांचा असा आलाप आहे की फाटक्या ड्रमांच्या मधोमध तो उंच चढतो आणि तेवढा वेळ बाकीचा गोंगाट वेठबिगारासारखा त्याच्यामागं चालतो.

तेव्हा निकाल असा. त्या गाण्याच्या नावाबद्दलची तक्रार रास्त होती आणि आजही आहे. हाउलेटनं ते कितीही समजावून सांगितलं तरी ते नाव चांगलं होत नाही. केसांबद्दलची तक्रार पोरकट होती. आवाजाबद्दल मात्र कुणी धड तक्रारच केली नाही, आणि तिथंच सगळी कारागिरी होती. ऐकायचाच असेल तर मोबाइलच्या चिमुकल्या स्पीकरवर ऐकू नका, अर्धा बास तिथंच गळतो. चांगले हेडफोन लावा, ‘ब्रीद’पासून सुरुवात करा आणि शेजाऱ्यांना यातलं काही कळू देऊ नका.