सेव्ह फाइल सांभाळणे : नवशिक्यांसाठी, किनवट आवृत्ती

सदर मार्गदर्शिका किनवट, गोकुंदा, बोधडी, इस्लापूर, सारखणी आणि वर माहूरपर्यंतच्या होतकरू खेळाडूंसाठी आहे. वाचण्यासाठी शिक्षणाची कोणतीही अट नाही. एमएससीआयटी झालेली असेल तर तिथलं थोडं विसरावं लागेल, एवढंच. तिथे शिकवतात की फाइल आपण जिथे ठेवतो तिथे असते. गेमची सेव्ह फाइल आपण ठेवतच नाही. ती आपली आपण कुठेतरी जाऊन बसते आणि पत्ता सांगत नाही.

साहित्य : एक कॉम्प्युटर, एक पेनड्राइव्ह, थोडी वीज. 'जीटीए व्हाईस सिटी' या गेमची एक सेव्ह फाइल साधारण २०० केबीची असते. दुकानदार ६४ जीबीचा पेनड्राइव्ह दाखवील आणि 'यापेक्षा कमी येतच नाही आता' म्हणेल. घ्या. त्यात अशा फाइली लाखांनी मावतील आणि तुमच्याकडे आहे एक. पण घरातला पिक्चर भरलेला पेनड्राइव्ह मागू नका. उद्या कोणाला तरी नवा पिक्चर हवा असतो आणि पुसायला नेमकी तुमची फाइल सापडते.

फाइल कुठे नसते

डेस्कटॉपवर नसते. हे वाक्य दोनदा वाचा. तालुक्यात आजवर घेतल्या गेलेल्या गेमच्या बॅकअपांपैकी बरेचसे बॅकअप हे डेस्कटॉपवरच्या आयकॉनचे आहेत, असं या मार्गदर्शिकेचं ठाम मत आहे. आयकॉनच्या डाव्या कोपऱ्यात खाली एक वाकडा बाण दिसतो. तो बाण असला की ती नुसती पाटी असते, गेम नव्हे. साइज बघा : एक-दोन केबी. दीड महिना खपून केलेली प्रगती दोन केबीत मावत असती तर ती चिठ्ठीवर लिहून खिशात ठेवली असती.

डी ड्राइव्हमध्येही बहुतेक वेळा नसते. इथे भलेभले फसतात. आपल्याकडे पिढीजात शिकवण अशी की सी ड्राइव्हमध्ये काही ठेवू नये, फॉरमॅट मारला की जातं. सगळं डीमध्ये टाकावं. म्हणून गेम डीमध्ये टाकलेला असतो, तिथे 'गेम्स' नावाचा फोल्डर असतो, त्यात 'न्यू फोल्डर', त्यात 'न्यू फोल्डर २', आणि तिथे गेम सुखाने नांदत असतो. पण गेम डीमध्ये राहिला तरी त्याची सेव्ह फाइल सीमध्येच जाते. व्हाईस सिटी कुठल्याही ड्राइव्हमध्ये टाका, तो आपली सेव्ह 'डॉक्युमेंट्स'मध्ये 'जीटीए व्हाईस सिटी युझर फाइल्स' नावाचा फोल्डर करून त्यात ठेवतो. डॉक्युमेंट्स सीमध्ये. म्हणजे फॉरमॅटनंतर डीमधला गेम जसाच्या तसा राहतो, चालूही होतो, आणि गेमचा नायक टॉमी व्हर्सेटी पहिल्या दिवशीसारखा सुरुवातीलाच उभा असतो. गेम वाचतो, खेळलेलं जातं.

जुने गेम याबाबतीत सरळ होते. १९८९ चा प्रिन्स ऑफ पर्शिया शाळेच्या लॅबमध्ये ज्यांनी खेळला त्यांना आठवत असेल : तिसऱ्या लेव्हलपासून कंट्रोल आणि जी दाबलं की सेव्ह, आणि फाइल गेमच्याच फोल्डरमध्ये. सेव्ह एकच. पुढच्या बाकावरच्याने कंट्रोल-जी दाबलं की तुमची गेली. पण ती कुठून गेली आणि कोणी घालवली, हे तरी कळायचं.

फाइल कुठे असते

तीन ठिकाणं पाठ करा. पहिलं डॉक्युमेंट्स : जीटीएचे बरेचसे गेम, नीड फॉर स्पीड मोस्ट वाँटेड, क्रिकेट ०७. दुसरं, युजर्समधल्या तुमच्या नावाच्या फोल्डरातला 'सेव्ह्ड गेम्स'. हा मायक्रोसॉफ्टने व्हिस्टापासून खास याच कामासाठी दिला. गेम बनवणाऱ्यांपैकी निम्म्यांनी त्याकडे ढुंकूनही पाहिलेलं नाही. पण सरकारी योजनेचंही असंच होतं, तेव्हा मायक्रोसॉफ्टला एकट्याला बोल लावू नये.

तिसरं ठिकाण 'अ‍ॅपडेटा'. हा फोल्डर लपवलेला असतो, म्हणून नवशिक्याला वाटतं की आपल्या कॉम्प्युटरमध्ये तो दिलेलाच नाही. दिलेला असतो. विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबा, छोटी चौकट येईल. तिच्यात टक्क्याचं चिन्ह, अ‍ॅपडेटा, पुन्हा टक्क्याचं चिन्ह असं इंग्रजीत मध्ये जागा न सोडता लिहा आणि एंटर मारा. 'रोमिंग' नावाच्या खोलीत पोचाल. मायनक्राफ्टची अख्खी दुनिया इथे आहे. 'डॉट मायनक्राफ्ट' फोल्डर, आत 'सेव्ह्ज', आत तुम्ही नाव दिलेला प्रत्येक जग-फोल्डर. एक पायरी मागे गेलात की शेजारी 'लोकल' दिसतो. नीड फॉर स्पीड अंडरग्राउंड २ तिथे राहतो.

एवढं करून सापडली नाही तर अंधारात चाचपडू नका. चोर पकडायची रीत वापरा. गेम सुरू करा, सेव्ह करा, लगेच बाहेर या. फाइल एक्सप्लोररच्या 'व्ह्यू'मध्ये जाऊन लपवलेल्या फाइली दिसतील असं करा, मग सी ड्राइव्ह उघडून आज बदललेल्या फाइली शोधा आणि वेळेनुसार लावा. सगळ्यात वरच्या दहा-वीस फाइलींत तुमची आहे. बाकीच्या विंडोजच्या असतात. त्यांना हात लावू नका, त्यांचं त्यांचं चाललेलं असतं.

नव्या लॅपटॉपवाल्यांसाठी एक जादा खोडा आहे. लॅपटॉप पहिल्यांदा लावताना सगळ्या प्रश्नांना 'यस, नेक्स्ट, यस' केलेलं असतं, त्यात वनड्राइव्हने डॉक्युमेंट्सचा ताबा घेतलेला असतो. मग तुमची सेव्ह फाइल वनड्राइव्हच्या पोटातल्या डॉक्युमेंट्समध्ये असते. फुकटची जागा ५ जीबी. ती बहिणीच्या साखरपुड्याच्या फोटोंनी भरली की पुढचं वर जात नाही, आणि तुम्ही मात्र 'क्लाउडवर आहे' म्हणून निर्धास्त.

कॉपी करण्याआधी वीज आणि भाऊ

सेव्ह होत असताना लाइट गेली तर फाइल अर्धवट लिहिली जाते आणि पुन्हा उघडत नाही. आपल्याकडे लाइट विचारून जात नाही. म्हणून एकाच स्लॉटवर सेव्ह करत बसू नका. आज एकावर, उद्या दुसऱ्यावर. व्हाईस सिटीत आठ स्लॉट दिलेत ते शोभेला नाहीत. लाइट गेली तरी निदान कालचं हातात राहील, आणि 'डिमॉलिशन मॅन'मध्ये खेळण्यातलं हेलिकॉप्टर घेऊन चार बॉम्ब ठेवायचं ते मिशन पुन्हा करावं लागणार नाही. ज्याने ते केलंय त्याला अधिक सांगायला नको.

लहान भाऊ हा विजेपेक्षा मोठा धोका. तो न्यू गेम सुरू करतो, रणगाड्याचा चीटकोड मारून अर्धा तास शहरभर फिरतो, आणि घरी येऊन पहिल्या स्लॉटवर सेव्ह करतो. गेम विचारतो, जुनं पुसू का? इंग्रजीतल्या प्रत्येक प्रश्नाला तो 'यस' म्हणतो. त्यामुळे पहिला स्लॉट त्याच्या नावावर करून द्या आणि आपण खालून सुरुवात करा.

कॉपी

फोल्डर अख्खा उचला, आतली एकेक फाइल वेचू नका. पेनड्राइव्हवर नवा फोल्डर करून नावात तारीख घाला. 'न्यू फोल्डर' हे नाव या मार्गदर्शिकेत निषिद्ध आहे. कॉपी झाल्यावर साइज ताडून बघा.

हा पेनड्राइव्ह झेरॉक्सच्या दुकानात न्यायचा नाही. नेलाच, आधार कार्डाची प्रिंट काढलीच, तर तिथला व्हायरस लागून घरी आल्यावर सगळे फोल्डर वाकड्या बाणाचे झालेले दिसतील. घाबरून पेनड्राइव्ह फॉरमॅट करू नका, ती चूक व्हायरस करत नाही, माणूस करतो. फाइली आतच आहेत, फक्त लपवल्यात. बाणावर क्लिक न करता आधी अँटिव्हायरस चालवा, मग कमांड प्रॉम्प्टच्या काळ्या खिडकीत 'अ‍ॅट्रिब'ची आज्ञा देऊन लपवणं काढा. गावात ही आज्ञा तोंडपाठ असलेला एक मुलगा असतोच. तोही झेरॉक्सच्या दुकानातच बसतो.

जाणकार ३-२-१ चा नियम सांगतात : प्रती तीन, दोन वेगवेगळ्या साधनांवर, त्यातली एक घराबाहेर. पीटर क्रोग नावाच्या अमेरिकी छायाचित्रकाराने तो रूढ केला. पैनगंगेला पूर आल्यावर खालच्या वस्तीतलं सामान ज्यांनी माळ्यावर चढवलंय त्यांना तिसऱ्या प्रतीचं महत्त्व वेगळं सांगायला नको. घराबाहेरची प्रत आदिलाबादच्या मामाकडे ठेवता येईल. कृष्णा एक्सप्रेस किनवटवरून तिकडेच जाते. पुण्याच्या दादाकडे ट्रॅव्हल्सच्या ड्रायव्हरच्या हाती पाठवता येईल. किंवा २०० केबीची फाइल स्वतःलाच ईमेल करता येईल. यातला सोयीचा मार्ग ज्याने त्याने निवडावा.

सायबर कॅफेत खेळणाऱ्यांना एकच गोष्ट करता येते. तिथे डीप फ्रीझ नावाचं सॉफ्टवेअर बसवलेलं असतं, कॉम्प्युटर बंद करून चालू केला की तो कोरा. उठण्याआधी फाइल पेनड्राइव्हवर घ्या, नाहीतर नाद सोडा.

मोबाइलवाल्यांचं दुखणं वेगळं. अँड्रॉइड ११ पासून फोनमधला 'डेटा' फोल्डर साध्या फाइल मॅनेजरला उघडत नाही, आणि ऑनलाइन गेमची प्रगती मुळात फोनमध्ये नसतेच, कंपनीच्या सर्व्हरवर असते. २ सप्टेंबर २०२० ला पबजीवर बंदी आली तेव्हा कित्येकांची वर्षांची रँक आणि विकत घेतलेले कपडे पलीकडेच राहिले. पुढे जुलै २०२१ मध्ये पबजीचा भारतीय अवतार बीजीएमआय आला, तेव्हा ज्यांनी फेसबुक किंवा ट्विटरचं खातं जोडलं होतं त्यांना जुना माल इकडे आणता आला. तात्पर्य काढत बसू नका, गेममध्ये जाऊन 'गेस्ट' लॉगिन असेल तर आत्ता खातं जोडा.

परत लावणे

नव्या विंडोजवर गेम एकदा चालू करून बंद करा, म्हणजे तो आपला फोल्डर तयार करील. मग जुन्या फाइली त्यात टाका. गेम स्टीमवरचा असेल तर आधी क्लाउड बंद करा. नाहीतर तो विचारतो की क्लाउडवरची ठेवू की कॉम्प्युटरमधली. अशा वेळी दोन्हींची तारीख आणि वेळ वाचा. लहान भावाला बोलावू नका.

दुकान

आता खरी परीक्षा. कॉम्प्युटर हळू चालतो म्हणून घरच्यांनी, म्हणजे शाळेत गुरुजी असलेल्या पप्पांनी, दुकानात नेलाय. तुम्ही बॅकअप घेतलेला नाही, कारण हे सगळं तुम्ही आत्ता वाचताय. काउंटरवर साधारण असं बोलणं होतं :

"गुरुजी, फॉरमॅटच मारावा लागतो बघा. महत्त्वाचं काही हाय का त्यात?"

"फोटो घ्या तेवढे. शाळेची यू-डायसची फाइल आहे, ती घ्या. बाकी सगळं उडवा."

तुमचा दीड महिना त्या 'बाकी सगळं'मध्ये आहे. तुम्ही बाजूला उभे आहात. इथे 'माझी गेमची फाइल पण घ्या' म्हणालात तर फाइल तर जाईलच, वर कॉम्प्युटरही परत आल्यावर कुलूप लावलेल्या खोलीत जाईल. सेव्ह फाइल घरातल्या कोणाच्याच यादीत नसते. ती आहे हेच कोणाला माहीत नसतं. म्हणून गेमचं नाव काढायचं नाही. दुकानदाराला सांगायचं : "सीमध्ये युजर्समधला आमच्या नावाचा फोल्डर अख्खा घ्या, लपवलेल्यासकट. त्यात महाडीबीटीचा फॉर्म आहे." स्कॉलरशिपच्या फॉर्मपुढे सगळे नमतात. डॉक्युमेंट्स, सेव्ह्ड गेम्स, अ‍ॅपडेटा तिन्ही त्या एका फोल्डरात आले. ही मार्गदर्शिका खोटं बोलायला शिकवत नाही. फॉर्मची पीडीएफ खरोखरच तिथे टाकून ठेवा.

एवढ्यानेही काम झालं नाही तर हुकमी पान काढा, पण ते दुकानात नाही, आदल्या रात्री, जेवणं झाल्यावर. गुरुजी घरी विंडोज ७ वर स्पायडर सॉलिटेअर खेळतात. किती खेळले, किती जिंकले, टक्केवारी किती, हे सगळं तो गेम लिहून ठेवतो आणि तेही त्याच युजर्सच्या फोल्डरात असतं. सहज म्हणावं, "पप्पा, फॉरमॅट मारला की तुमची टक्केवारी पण शून्य होते बरं का."

दुसऱ्या दिवशी काउंटरवर तुम्हाला तोंड उघडावं लागणार नाही.

"महत्त्वाचं काही हाय का, गुरुजी?"

"युजर्सचा फोल्डर अख्खा घ्या. लपवलेलं सगळं. शाळेचं काम आहे त्यात."