दुसऱ्या तारखेपर्यंत

"मावशी, ऐकलंत का? कोपऱ्यावरच्या बंगल्यातली धाकटी काल नवऱ्याच्या स्कूटरवर मागे बसलेली दिसली. वडाळे तलावाच्या कडेनं."

"मग? नवरा आहे तिचा."

"अहो, घटस्फोट झालाय ना! दिवाळीनंतर दोघं कोर्टात जाऊन सह्या करून आली."

मावशींनी वालाच्या शेंगांची परात कुंपणाच्या भिंतीवर टेकवली. आमच्या मिडल क्लास सोसायटीत निम्म्या पनवेलच्या संसारांचा निकाल या भिंतीवरच लागतो. पण मावशींची उभी नोकरी कोर्टाच्या कचेरीत गेली, त्यामुळे त्यांच्यापुढे आमचं कुणाचं चालत नाही.

"सह्या झाल्या म्हणजे अर्ज झाला गं. तेरा बी कलमाखाली. मग सहा महिने थांबायचं आणि दोघांनी पुन्हा उभं राहून सांगायचं, अजूनही हवाय म्हणून. तेही अठरा महिन्यांच्या आत. तोवर ती त्याची बायकोच. मधेच मन फिरलं तर एकटीसुद्धा संमती काढून घेऊ शकते. सुप्रीम कोर्टानं 1991 मध्येच सांगून ठेवलंय."

"म्हणजे जुळतंय म्हणायचं?"

"कसलं जुळतंय! बँकेत निघाली होती दोघं. लॉकर दोघांच्या नावावर आहे ना."

हे मावशींना कुठून कळलं, असं विचारायचं नसतं.

"पण अर्जाआधी वर्षभर वेगळं राहावं लागतं म्हणतात. ही तर एकाच घरात होती."

"एका छपराखाली असली तरी चालतं. नवरा-बायको म्हणून नांदत नव्हती ना, एवढंच बघतात. ती वरच्या मजल्यावर, तो खाली. आणि सासू जिन्यात."

"मग त्या क्रिकेटवाल्या चहलला कुठे लागले सहा महिने?"

"त्याचा अर्ज फेब्रुवारी 2025 चा आणि निकाल 20 मार्चला. पण वांद्र्याच्या कुटुंब न्यायालयानं आधी नाहीच म्हटलं होतं. पावणेपाच कोटी ठरले होते, त्यातले निम्मेच दिलेत म्हणून. हायकोर्टात गेले तेव्हा सूट मिळाली. अडीच वर्षांवर वेगळे राहत होते आणि उरलेली रक्कम हुकूमनाम्यानंतर द्यायची, असंच दोघांत ठरलेलं होतं. सुप्रीम कोर्टाच्या 2017 च्या निकालापासून सहा महिने माफ करता येतात, पण पोटगी, मुलं, सगळं मिटलेलं लागतं. इथं कुठं मिटलंय? पाटल्या परत आल्या, तोड्यांवर अडलंय. सासू म्हणते, ते आमच्या घराण्यातले."

"दोघांची संमती असून भांडण?"

"सुटायला संमती आहे, तोडे सोडायला नाही. सगळी भांडणं वकिलाच्या टेबलावरच होतात. जज्जसाहेबांपुढे उभं राहीपर्यंत आवाज बसलेले असतात दोघांचे. तरी हे बरंच म्हण. 1976 पर्यंत हिंदू विवाह कायद्यात ही सोयच नव्हती. दोघांनाही नको असलं तरी एकानं दुसऱ्याचं काहीतरी शाबीत करायचं. व्यभिचार म्हणा, वेड म्हणा, महारोग म्हणा. आणि त्याआधी रखमाबाई! 1887 मध्ये हायकोर्टानं सांगितलं, नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. पुढच्या वर्षी त्याला दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली, मग गेल्या विलायतेला डॉक्टर व्हायला."

मी एक शेंग उगाच सोलली. "मावशी, एक विचारू? आमच्या चुलतदिरानं पाचशेच्या स्टॅम्पवर लिहून घेतलंय नोटरीकडे. काडीमोड. तिची सही आहे, दोन साक्षीदार आहेत."

"तो कागद लोणच्याच्या बरणीवर बांध म्हणावं. जातीत तशी रूढी असली आणि ती कोर्टात शाबीत झाली तरच काडीमोड धरतात. नाहीतर हुकूमनामा लागतो. केंद्राच्या विधी खात्यानं 2024 मध्ये नोटरींना बजावलंयसुद्धा, लग्नाचे नि घटस्फोटाचे कागद करू नका म्हणून."

"अहो, पण त्याचं माघात दुसरं ठरलंय."

"मुलीकडच्यांना ठाऊक आहे?"

"कागद दाखवलाय ना त्यांना. लॅमिनेट करून."

"कप्पाळ! पहिली हयात, लग्न कायम, आणि हा बोहल्यावर? ते दुसरं लग्न मुळातच रद्दबातल. वर सात वर्षांपर्यंत शिक्षा. पत्रिका गेल्या का?"

"देवाची ठेवून आले पालीला. बाकीच्या आज-उद्या वाटणार."

"तू आधी आत जा आणि फोन लाव."

"दिराला?"

"त्याला कशाला? त्याच्या बायकोला लाव. अर्जावर तिची सही लागणार आहे, आणि पुढच्या तारखेला तिनं हो म्हणायला हवं. नंबर आहे का तिचा?"

"आहे की. आम्ही एकाच भिशीत आहोत."