वाचलेल्याचा भाग दुसरा

सैनिकी बचावाच्या सत्यकथेचा दुसरा भाग काढताना सर्वांत मोठी अडचण नायकाचीच होते, कारण पहिल्या भागाच्या शेवटी तो सुखरूप घरी पोहोचलेला असतो. काल्पनिक रॅम्बोला १९८२ ते २०१९ या काळात पाच वेळा संकटात लोटता आले. मूळ कादंबरीत तो मरतो, पण तेवढ्याने कुणाचे अडले नाही. खऱ्या सैनिकाला मात्र निवृत्तिवेतन असते, गुडघेदुखी असते आणि पुन्हा शत्रूच्या तावडीत सापडण्याची हौस नसते.

तरीही असा प्रयोग झाला आहे. अमेरिकी हवाई दलाचा लुई झँपेरिनी दुसऱ्या महायुद्धात पॅसिफिक महासागरात तराफ्यावर ४७ दिवस तरंगला आणि मग जपानी छळछावण्यांत पडला. अँजेलिना जोलीचा ‘अनब्रोकन’ (२०१४) त्याला घरी आणून थांबला. २०१८च्या दुसऱ्या भागात दिग्दर्शक बदलला, नट बदलला आणि शत्रूही बदलला: आता झुंज दारूशी आणि रात्रीच्या भयस्वप्नांशी होती. सुटका झाली ती ख्रिस्ती धर्मप्रचारक बिली ग्रॅहम यांच्या प्रवचनाने. पहिल्या भागाने १६ कोटी डॉलरच्या वर गल्ला जमवला, तर दुसऱ्याने जेमतेम ६० लाखांच्या आसपास. शार्क पाहायला लोक तिकीट काढतात. पिऊन आलेला नवरा पाहायला कोण काढणार?

‘लोन सर्व्हायव्हर’ या चित्रपटाची अडचण निराळी. जून २००५मध्ये अफगाणिस्तानातील कुनार प्रांतात अमेरिकी नौदलाच्या चार सील कमांडोंपैकी तिघे आणि मदतीला निघालेल्या हेलिकॉप्टरमधले १६ जण मारले गेले. वाचला तो मार्कस लट्रेल. त्याच्या पुस्तकात हल्लेखोर शंभराहून अधिक आहेत, नंतरच्या एका अभ्यासकाच्या हिशेबात दहाच्या आत. चित्रपटाच्या अखेरीस गावात पेटणारी धुमश्चक्री तर प्रत्यक्षात घडलीच नाही. म्हणजे दुसऱ्या भागाचा दारूगोळा पहिल्यातच उडवून झाला.

खरा दुसरा भाग घडला तो मोहम्मद गुलाब या पश्तून गावकऱ्याच्या बाबतीत. जखमी लट्रेलला त्याने आसरा दिला आणि तालिबानचे वैर ओढवून घेतले. पुढे धमक्या, हल्ले, देशत्याग, अमेरिकेत आश्रय आणि लट्रेलशी बिनसलेले संबंध, असा सगळा मसाला तयार आहे. चित्रपटवाल्यांच्या दृष्टीने खोट एवढीच, की पहिल्या भागात हा माणूस सहायक भूमिकेत होता.